लिलो पुल्फरचं नाव राहून गेलं, म्हणून हे पत्र

मा. संपादकसाहेब,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत जुन्या परदेशी नट्यांवर अख्खं पान आलं होतं, मी ते कापून ठेवलंय. फोटो छान, मजकूरही मनापासून लिहिलेला. पण सगळ्याच्या सगळ्या हॉलिवूडच्या, एखाद-दुसरी फ्रान्स-इटलीची. मी तीनदा वाचलं आणि शेवटपर्यंत एक नाव शोधत राहिले, ते काही आलं नाही. लिझेलोटे पुल्फर. जर्मन बोलणाऱ्या मुलखात तिला सगळे लिलो म्हणतात. स्वित्झर्लंडची, बर्न शहरातली, जन्म ११ ऑक्टोबर १९२९ चा. तिच्याबद्दल आपल्याकडं मराठीत काहीच वाचायला मिळत नाही आणि मला वाटतं की सोलापूरच्या माणसानं तरी तिच्याबद्दल वाचायला पाहिजे, का ते पुढं सांगते. पत्र लांबणार आहे, जागेप्रमाणं कापलंत तरी चालेल, फक्त बोलीबद्दल लिहिलंय तेवढं कापू नका ही विनंती.

मी सिनेमातली जाणकार वगैरे नाही. एकतीस वर्षं सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका शाळेत मराठी शिकवलं, आता रिटायर. लेक आणि जावई नोकरीनिमित्त बर्नला असतात, २०१९ च्या हिवाळ्यात लेकीच्या बाळंतपणाला म्हणून मी तिकडं तीन महिने होते. सोबत कडक भाकरी, शेंगाचटणी, डिंकाचे लाडू सगळं बांधून नेलं होतं. जावई सकाळी ऑफिसला गेले की लेक, मी आणि बाळ, बाहेर बर्फ आणि पाचला अंधार. दिवस खायला उठायचा.

त्यांच्या शेजारी एक आजी राहायच्या, ऐंशीच्या पुढच्या, एकट्याच. जिन्यात भेटल्या की ग्रुएसेख म्हणायच्या, म्हणजे आपला नमस्कार, आणि आभार मानायचे तर मेर्सी म्हणायच्या, जो खरं तर फ्रेंच शब्द, पण बर्नची माणसं तो आपलाच समजून वापरतात. मला हे लगेच ओळखीचं वाटलं. आपल्याकडं तरी काय वेगळंय, घरात तेलुगू, बाजारात कन्नड, शाळेत मराठी, रिक्षात हिंदी-उर्दू, आणि या सगळ्याची मिसळ होऊन जी तयार होते ती आमची सोलापुरी. त्या देशातही जर्मन, फ्रेंच, इटालियन आणि रोमान्श अशा चार राष्ट्रभाषा, आणि जर्मन म्हणतात तीसुद्धा घरात बोलतात ती वेगळी आणि पुस्तकातली वेगळी. बर्नच्या लोकांच्या तोंडात ल चा उ होतो, दुधाला पुस्तकात मिल्ख तर बर्नमध्ये मिउख. लेकीनं हे सांगितलं तेव्हा मी म्हटलं, अगं हे तर आपल्या न आणि ण सारखंच झालं की.

ख्रिसमसच्या आसपास एका संध्याकाळी या आजींनी आम्हाला घरी बोलावलं. टीव्हीवर जुना पिक्चर लागणार होता आणि त्यांना तो कुणासोबत तरी बघायचा होता. बाळ माझ्या मांडीवर झोपलेलं, लेक बाजूला बसून हळू आवाजात भाषांतर करतीय, आजींनी कॉफी आणि दालचिनीचे बिस्किटं पुढं ठेवलेली. पिक्चरचं नाव ‘इख डेंके ऑफ्ट आन पिरोश्का’, १९५५ चा, म्हणजे मला पिरोश्काची आठवण बरेचदा येते, असं काहीतरी.

गोष्ट साधीच आहे. एक जर्मन विद्यार्थी सुट्टीला हंगेरीत जातो, एका आडबाजूच्या स्टेशनवर, ज्याचं नाव होडमेझोवाशारहेयकुताशिपुस्ता. हे नाव म्हणायला मला लेकीनं चार वेळा शिकवलं. तिथल्या स्टेशनमास्तरची सतरा वर्षांची पोरगी म्हणजे पिरोश्का. गाडी यायची वेळ झाली की ती सिग्नल द्यायला पळते, आणि मग त्या पोरालाही सांगते, अँडी, तू सिग्नल दे. बस, एवढ्यावर त्या दोघांचं जमतं. ही पिरोश्का म्हणजे लिलो. तेव्हा ती पंचविशीतली होती पण सतराचीच वाटते, दोन वेण्या, आणि हसायला लागली की सगळं अंग हसतंय असं. आजी पुढचा डायलॉग तिच्या आधी ओठातल्या ओठात म्हणत होत्या.

आता मी रडले का ते सांगते. माझे वडील रेल्वेत होते, माझं लहानपण सोलापूर-मोहोळ लाईनवरच्या पाकणीसारख्या छोट्या स्टेशनांवर गेलं. तेव्हा सिंगल लाईन, पुढची लाईन मोकळी असल्याची खूण म्हणून एक गोळा द्यायचे, तो घेतल्याशिवाय ड्रायव्हर गाडी हलवत नसे, वेताच्या मोठ्या कडीला चामड्याची पिशवी आणि त्यात तो लोखंडी गोळा, पोर्टर प्लॅटफॉर्मच्या टोकाला कंदील घेऊन कडी उंच धरून उभा. कॅबिनमधला लिव्हर ओढायला सगळं वजन टाकावं लागायचं, मग कुठंतरी लांब तार करकरायची आणि सिग्नलचा हात खाली यायचा. सिग्नल पडला, म्हणायचो आम्ही. त्या लिव्हरला वडलांच्या हातावर हात ठेवून मी एकदाच हात लावलाय, आठ-नऊ वर्षांची असेन, तेलकट गार लोखंड होतं, अजून तळव्याला आठवतंय. आणि सात हजार किलोमीटर लांब एका परक्या घरात, ज्या भाषेचा एक शब्द येत नाही त्या भाषेत, एक स्टेशनमास्तरची पोरगी सिग्नलकडं पळतीय हे बघून मला ते सगळं परत आलं.

पण मला सगळ्यात जास्त धरून ठेवलं ते लेकीनं पिक्चर संपल्यावर जे सांगितलं त्यानं. ती म्हणाली, आई, ही बाई आहे बर्नची, हिची घरची भाषा ह्या आजींचीच. तिनं इथं रोल केलाय हंगेरियन पोरीचा, जी मोडकंतोडकं जर्मन बोलते. आणि पिक्चर जर्मनांचा. म्हणजे बघा, ज्या भाषेत तिला स्वतःला शुद्ध बोलायला शिकावं लागलं ती भाषा तिनं मुद्दाम अशुद्ध बोलायची, आणि तीही आपल्या ढंगात अशुद्ध नाही तर तिसऱ्याच देशाच्या ढंगात. हे करायला कान किती तयार लागत असेल! आणि त्या मोडक्या बोलण्यावर अख्खा जर्मन प्रेक्षक फिदा झाला.

त्या दिवसापासून मी तिच्या मागं लागले. जे सापडेल ते बघितलं, लेकीकडून वाचून घेतलं, इथं आल्यावर मोबाईलवर शोधत बसले. थोडक्यात सांगते.

वडील इंजिनिअर, घर साधं मध्यमवर्गीय. कॉमर्सचं शिक्षण झालं, काही दिवस मॉडेलिंग केलं, मग बर्नच्या कॉन्झर्व्हेटरीत अभिनय शिकली, बर्नच्या आणि पुढं झुरिचच्या नाटकघरात कामं केली. झुरिचचं हे नाटकघर म्हणजे हिटलरच्या काळात जर्मनी-ऑस्ट्रियातून पळून आलेल्या नट-दिग्दर्शकांनी जगवलेलं. त्यातलाच एक लेओपोल्ड लिंडबेर्ग, व्हिएन्नाचा, त्याच्या १९४९ च्या पिक्चरमध्ये तिला पहिला बारका रोल मिळाला. १९५० ला ‘फ्योन’ नावाच्या डोंगरावरच्या पिक्चरात हान्स आल्बेर्सची हिरोईन, तो तेव्हा जर्मनीचा फार मोठा स्टार. तिथनं तिची गाडी सुटली ती पंधरा वर्षं थांबली नाही.

स्वित्झर्लंड एवढासा देश, त्याचा सिनेमा त्याहून एवढासा. जर्मन बोलणाऱ्या स्विस नटाला मोठं काम पाहिजे तर म्युनिक, बर्लिन, हॅम्बुर्ग गाठावं लागतं. तिथं जायचं तर घरची बोली चालत नाही, रंगभूमीची शुद्ध जर्मन यावी लागते, आणि ती त्या पोरांना शाळेत शिकावी लागते, आपल्याकडच्या तेलुगू बोलणाऱ्या पद्मशाली घरातल्या लेकरानं शाळेत मराठी शिकावं तशी. लिलोनं ती अशी शिकली की टोमास मान या लेखकाच्या कादंबऱ्यांवरच्या दोन पिक्चरांत ती आहे. १९५७ ला ‘फेलिक्स क्रुल’मध्ये झाझा, आणि १९५९ ला ‘बुडनब्रोक्स’मध्ये टोनी. टोनी म्हणजे पार उत्तरेकडच्या ल्युबेक बंदरातल्या श्रीमंत व्यापाऱ्याची पोरगी, बर्नपासून सगळ्यात लांबचं जर्मन. आणि योग बघा, त्या कादंबरीसाठी म्हणून मुख्यतः मानला नोबेल मिळालं ते साल १९२९, हिच्याच जन्माचं.

कुर्ट होफमान या डायरेक्टरबरोबर तिनं दहा पिक्चर केले, पिरोश्का त्यातलाच. १९५८ चा ‘श्पेसार्टची खानावळ’ तर मी दोनदा बघितला. जंगलातल्या दरोडेखोरांच्या तावडीत एक सरदारकन्या सापडते, आणि पोराचे कपडे घालून त्यांच्याच टोळीत राहते, मध्येमध्ये गाणी. आपल्याकडं पुरुषांनी नऊवारी नेसून स्त्रीपार्ट केले आणि लोकांनी डोक्यावर घेतलं, इथं उलटं. पोराच्या वेशातली तिची चाल बघण्यासारखी आहे, खांदे थोडे पुढं, पावलं लांब, आणि तरी मधूनच एखादं पाऊल बाईचं पडतं ते तिनं मुद्दाम टाकलंय हे दुसऱ्यांदा बघताना कळलं. असाच पोराचा वेश तिनं १९६० च्या ‘गुस्टाफ आडोल्फचा पेज’मध्ये, म्हणजे राजाचा हुजऱ्या, घेतला, ती गोष्ट झुरिचच्याच लेखकाची. त्या सेटवर हेल्मुट श्मिड या नटाशी ओळख झाली आणि १९६१ ला लग्न.

इंग्रजीत पण कामं केली. १९५८ ला डग्लस सर्कच्या युद्धावरच्या पिक्चरमध्ये ती आहे, रजेवर घरी आलेला जर्मन सैनिक आणि बॉम्बनं पडलेल्या गावातली ही पोरगी, दोघं दोन-तीन आठवड्यांचा संसार करतात. ज्याच्या कादंबरीवर तो काढला तो लेखक रेमार्क स्वतः त्यात मास्तरांच्या रोलमध्ये आहे. हसरी म्हणून सगळे ओळखतात, पण या पिक्चरात ती फार कमी हसते आणि तिथं ती मला सगळ्यात मोठी वाटली. मग १९६१ ला बिली वाइल्डरच्या ‘वन, टू, थ्री’मध्ये सेक्रेटरी, ठिपक्यांचा ड्रेस घालून टेबलावर नाचते तो सीन लोकांना अजून पाठ आहे. हा पिक्चर बर्लिनमध्ये शूट होत होता आणि १३ ऑगस्टला मध्ये भिंतच उभी राहिली. ब्रांडेनबुर्ग दरवाजाजवळ काम करणं अशक्य झालं, तर म्युनिकच्या स्टुडिओत तो दरवाजा परत बांधून शूटिंग पुरं केलं. विनोदी पिक्चर, पण ज्या शहराच्या दोन फाळक्या झाल्या त्या शहराला तेव्हा हसू कुठून येणार, चालला नाही. १९८५ ला परत लावला तेव्हा त्याच बर्लिनमध्ये तुफान गर्दी झाली. फ्रेंचमध्येही तिनं केलं, जाक रिव्हेतच्या ‘नन’वरच्या पिक्चरात, जो फ्रान्स सरकारनं काही काळ अडवून धरला होता.

एवढं सगळं सांगितलं पण मला ज्यासाठी हे पत्र लिहायचंय ते हे नाही. ते आहे १९५४ आणि १९५५ चे ‘ऊली’चे दोन पिक्चर, फ्रान्झ श्नायडर डायरेक्टर. पहिला ‘ऊली द गडी’ म्हणूया आणि दुसरा ‘ऊली द कुळ’. गोष्ट बर्नच्या बाजूच्या एमेन्टाल खोऱ्यातली, येरेमियास गोटहेल्फ या एकोणिसाव्या शतकातल्या खेड्यातल्या पाद्र्यानं लिहिलेली. ऊली दारूत वाहवलेला गडी, त्याचा चांगला मालक त्याला ताळ्यावर आणतो, मग तो दुसऱ्या मोठ्या वाड्यावर कारभारी म्हणून जातो, तिथं व्रेनेली नावाची गरीब नात्यातली पोरगी घर सांभाळत असते. आपल्याकडच्या कुठल्याही तालुक्यातली गोष्ट आहे ही. मालक, गडी, कुळ, वाटणी, गुरं, पाऊस. आणि ही व्रेनेली म्हणजे लिलो, आणि ती बोलते ती तिच्या घरची बर्नची बोली. जशीच्या तशी. ज्या दोन वर्षांत ती हंगेरियन पिरोश्का होत होती त्याच दोन वर्षांत ती आपल्या आईच्या भाषेत व्रेनेली होत होती. हे पिक्चर स्विस लोकांना घरच्यासारखे आहेत, आमच्या शेजारच्या आजी नुसतं व्रेनेली म्हटलं की छातीवर हात ठेवायच्या.

आता सोलापूरवर येते. माझ्या भाचीची मुलगी कॉलेजात आहे, नाटकाचं फार वेड. गेल्या वर्षी एका एकांकिका स्पर्धेत तिनं काम केलं, विडी वळणाऱ्या बाईचा रोल, आमच्या पूर्व भागात ज्या हजारो बायकांनी सूप मांडीवर घेऊन संसार ओढले त्यातलीच एक. पोरीनं महिनाभर एका ओळखीच्या बाईंच्या शेजारी बसून पान कापायला, तंबाखू भरायला, धाग्यानं बांधायला शिकून घेतलं होतं. प्रयोग झाल्यावर परीक्षकांपैकी एकांनी तिला बाजूला बोलावून सांगितलं की अभिनय आहे तुझ्यात पण आधी भाषा नीट कर, हे सोलापुरी हेल घेऊन तुला पुढं कुणी उभं करणार नाही. पोरगी घरी आली आणि गप्प. रात्री माझ्याकडं येऊन म्हणाली, आज्जी, मी विडीवाली होते ना, मग मी कसं बोलायला पायजे होतं? यावर माझ्याकडं उत्तर नव्हतं कारण खरं सांगायचं तर एकतीस वर्षं मीही हेच केलंय. वर्गात लेकरू ‘सर येलालेत’ म्हणालं की मी सगळ्यांसमोर त्याला परत म्हणायला लावायचे, येत आहेत म्हण. त्यातली कितीतरी पोरं नंतर वर्गात बोलायचीच बंद झाली, हे मला तेव्हा दिसत होतं आणि मी त्याला शिस्त समजत होते. मला त्याचं आज फार वाईट वाटतं.

शुद्ध भाषा शिकवू नका असं मी म्हणत नाही, शिकवलीच पाहिजे, लिलो शिकली म्हणून तर म्युनिकला टिकली. पण तिला कुणी बर्न पुसून टाक असं सांगितलं असतं आणि तिनं ते ऐकलं असतं तर व्रेनेली कुणी केली असती? मला तर वाटतं पिरोश्काही झाली नसती, कारण एका भाषेला दोन-तीन अंगानं वळवता येतं हे ज्या कानाला लहानपणापासून माहितीय तोच कान तिसऱ्या देशाचा हेल पकडू शकतो. आमच्या पोरांचा कान असाच आहे हो. सात रस्त्यावरून टिळक चौकात जाईपर्यंत ते चार भाषा ऐकतात. त्यांना आपण एकच सूर बरोबर म्हणून सांगतो.

आणि आपल्याकडं उदाहरणं नाहीत असंही नाही. शशिकला, हिंदी सिनेमातली, ती सोलापूरची, जन्म इथलाच, १९३२ चा, आडनाव जवळकर. वडलांचा धंदा बसला म्हणून कुटुंब मुंबईला गेलं, १९४५ च्या ‘झीनत’मधल्या कव्वालीत ती पोर दिसली, आणि पुढं ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी लागोपाठ फिल्मफेअर. तिची नजर आणि तिचं हिंदी ऐकताना ती मराठी घरातली आहे हे कुणाच्या ध्यानातही यायचं नाही. लिलोच्या तीन वर्षं मागची, तीही दुसऱ्याच्या भाषेत जाऊन मोठी झालेली, आणि म्हातारपणी तीही टीव्हीवर सिरीयलमधून घराघरात गेलेली. २००७ ला पद्मश्री मिळाली, एप्रिल २०२१ ला गेली, करोनाच्या गडबडीत. मी माझ्या ओळखीतल्या दहा कॉलेजच्या पोरांना विचारलं, शशिकला कुठली, एकालाही सांगता आलं नाही. अतुल कुलकर्णींचं नाव निदान माहीत असतं, ते इथं हरिभाई देवकरणला शिकले, इथल्या नाट्य आराधनामध्ये कामं करून मग दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात गेले.

आणि ‘सैराट’! जेऊरचे नागराज मंजुळे, अकलूजची रिंकू राजगुरू, दोन्ही आपल्याच जिल्ह्यातले. ती पोरगी करमाळ्याच्या बाजूची बोली जशी घरात बोलतात तशी बोलली, बुलेटवर बसून बोलली, आणि अख्ख्या महाराष्ट्रानं थिएटरात शिट्ट्या मारल्या. राष्ट्रीय पुरस्कारात तिच्या कामाची खास दखल घेतली गेली. रिंकू म्हणजे माझ्या मते आपली व्रेनेली. हे २०१६ ला घडून गेलंय, तरी स्पर्धांमधून पोरींना अजून भाषा नीट करायला सांगतात.

लिलोच्या पुढच्या काळाबद्दल थोडं सांगायचं राहिलं. साठच्या दशकात तिकडं घरोघर टीव्ही आला, थिएटरं ओस पडायला लागली, आणि १९६२ ला ओबरहाउझेन गावात सव्वीस तरुण सिनेमावाल्यांनी जाहीरच केलं की जुना सिनेमा मेला, आम्ही नवा करणार. त्यांनी पुढं मोठे पिक्चर केले हे खरंच, पण पन्नासच्या दशकातल्या स्टार लोकांना त्यात जागा उरली नाही. लिलो तेव्हा चाळिशीकडं झुकलेली. चाळिशीतल्या नटीला काम मिळणं अवघड, हे तिथंही आणि इथंही. ती नाटकात गेली, टीव्हीवर गेली, आणि १९७८ पासून काही वर्षं ‘झेझामश्ट्रासे’मध्ये, म्हणजे सेसमी स्ट्रीटची जर्मन आवृत्ती, आपल्याकडं २००६ ला ‘गली गली सिम सिम’ आलं तेच. तिथं झाम्झोन नावाचं भलं मोठं अस्वल आणि टिफी नावाचं गुलाबी पाखरू, आणि त्यांच्याबरोबर लिलो, नाव पण लिलोच. त्यामुळं गंमत अशी झाली की आजी-आजोबांना ती पिरोश्का आणि त्यांच्या नातवंडांना अस्वलाची मैत्रीण. माझी लेक जिथं काम करते तिथली चाळीस-पन्नाशीची माणसं तिला या कार्यक्रमामुळंच ओळखतात. मोठ्या पडद्यावर नाव कमावलेली बाई अस्वलाच्या पंजाला धरून लहान लेकरांना आकडे शिकवते, आणि त्यात जराही कमीपणा मानत नाही. काही क्लिप्स मी नातीला मांडीवर घेऊन बघितल्या. अस्वल रुसून बसलंय आणि ही त्याच्या बाजूला जमिनीवरच बसते, काही बोलत नाही, नुसती बसते, मग हळूच हसायला लागते. माझी नात सहा आठवड्यांची, तिला काय कळणार, पण त्या हसण्याच्या आवाजाकडं ती मान वळवायची.

१९८० ला तिला जर्मन सिनेमातल्या इतक्या वर्षांच्या कामासाठी सोन्याचा फिल्मबांड, म्हणजे तिकडचा सिनेमाचा मोठा पुरस्कार, मिळाला. १९८९ ला तरुण मुलगी गेली, १९९२ ला नवरा. १९९६ ला एका पिक्चरमध्ये ती परत दिसली, साठी ओलांडलेली, आणि हसणं तेच.

माझं मागणं मोठं नाही. एक म्हणजे पुरवणीत लिलो पुल्फरवर नीट लेख घ्या, कुणी जर्मन येणारा अभ्यासक असेल तर त्याच्याकडून, माझ्याकडून तर काही चुकलंही असेल. दुसरं, त्याच्या शेजारीच शशिकलावर लेख द्या, एकाच पानावर, म्हणजे वाचणाऱ्याला आपोआप दिसेल. आणि तिसरं, जे नाट्यस्पर्धा भरवतात आणि जे परीक्षक म्हणून येतात त्यांच्यापर्यंत तुमच्या पेपरातून एवढं पोचवा की रोल ज्या वस्तीतला आहे त्या वस्तीची भाषा बोलणाऱ्या पोरीचे मार्क कापू नका. तिला दुसरी भाषा जरूर शिकवा, पण घरच्या बोलीवर काट मारून नको. हुतात्मा स्मृती मंदिरात मागच्या रांगेत बसून मी कितीतरी प्रयोग बघितलेत, जिथं कामगाराची बायको सदाशिव पेठेतलं मराठी बोलतीय, आणि खाली बसलेल्या कामगाराच्या बायका गप्प बसल्यात. त्याच बायका सोलापुरी ऐकून हसतातही आणि रडतातही, मी बघितलंय.

त्या पोरीला मी ऊलीच्या पिक्चरमधले व्रेनेलीचे सीन दाखवले. भाषा आम्हा दोघींनाही येत नाही, मी नुसतं सांगत होते की आता ही घरच्या बोलीत बोलतीय, आणि हे बघ, इथं पिरोश्का, हे हंगेरियन हेल काढलेलं जर्मन. तिनं इयरफोन लावून दोन्ही तीन-तीनदा ऐकलं, मग म्हणाली, आज्जी, दोन्हीत आवाज एकच हाय पण जीभ वेगळी पडलालीय. एवढं तिला न शिकवता ऐकू आलं.

या वर्षी ती परत भाग घेतीय. रोल तोच, विडीवाली, संहितेत थोडी भर घातलीय. परवा आमच्या हॉलमध्ये सूप मांडीवर घेऊन तालीम केली, तेंदूपत्ता नव्हता म्हणून जुन्या पेपरचे तुकडे कापले होते, तुमचाच पेपर होता. मालकाकडं हिशोब मागायचा सीन आहे, त्यात ती धागा दातात धरून म्हणते, ‘हज्जार हुतात का मोजून बघा की मालक, मी काय तुमचं फुकट करूलाले काय?’ मी तोंड उघडलं होतं दुरुस्त करायला, सवयीनं. मग गप्प बसले आणि तिला म्हटलं, परत एकदा म्हण.

आपली नियमित वाचक,
एक निवृत्त शिक्षिका, जुळे सोलापूर